झीना सारो-विवा नेमक्या कोण: पत्रकार, दिग्दर्शक की कलावंत?

तुमचे प्रश्न दोन. नायजेरियाच्या झीना सारो-विवा यांना पत्रकार म्हणायचं, दिग्दर्शक म्हणायचं की इन्स्टॉलेशन, म्हणजे अख्खी जागाच कलाकृती म्हणून मांडणाऱ्या कलावंत? आणि त्यांचं काम बघायला सुरुवात कुठून करायची? दुसऱ्याचं उत्तर सोपं आहे म्हणून ते आधी देतो: ‘टेबल मॅनर्स’ या त्यांच्या व्हिडिओ मालिकेपासून.

मी पुण्यात व्हिडिओ एडिटिंग करतो. जास्त करून लग्नं, मधूनमधून जाहिराती. आमच्यात पहिल्या महिन्यातच शिकवतात की जेवतानाचे शॉट उडवायचे. तोंडात घास असलेली आत्या कुणालाच नको असते. आणि या बाई करतात काय, तर नायजर डेल्टातल्या एकेका माणसाला टेबलाशी बसवतात, पुढ्यात तिथल्या ओगोनी समाजाचं जेवण ठेवतात आणि कॅमेरा लावून मोकळ्या होतात. माणूस थेट तुमच्याकडे बघत हाताने जेवतो. घास मोडतो, चेपतो, रश्शात बुडवतो. चावण्याचा आवाजही तसाच ठेवलाय. पहिली दोन मिनिटं माझा हात कट मारायला शिवशिवत होता. नंतर वाटायला लागलं, आपण बोलावणं नसताना कुणाच्या तरी पंगतीत जाऊन बसलोय, आणि यजमान काही बोलत नाहीत, नुसते बघतायत.

हे जेवण इतकं महत्त्वाचं का, ते घराण्यामुळे कळतं. झीना यांचा जन्म १९७६चा, पोर्ट हारकोर्टचा. वाढल्या मात्र इंग्लंडमध्ये. वडील केन सारो-विवा हे लेखक, ‘बासी अँड कंपनी’ या नायजेरियात गाजलेल्या विनोदी टीव्ही मालिकेचे निर्माते, आणि तेलापायी ओगोनी भागातल्या जमिनीची नि खाड्यांची नासाडी झाली त्याविरुद्ध उभे राहिलेले नेते. नायजेरियाचे तेव्हाचे हुकूमशहा सानी अबाचा यांच्या लष्करी राजवटीने १० नोव्हेंबर १९९५ रोजी त्यांना आणि आणखी आठ जणांना फाशी दिली. तेव्हापासून ओगोनी म्हटलं की तेल आणि फाशी, एवढंच जगाला आठवतं. तिथली माणसं दुपारी काय जेवतात, हे कोण विचारणार?

आता पहिला प्रश्न. माझ्या मते त्यांनी खरा बदल एकच केला: बोलणारी माणसं दाखवणं सोडून न बोलणारी माणसं दाखवायला लागल्या.

सुरुवात बीबीसीत, बातमीदार आणि निवेदिका म्हणून. २००८मध्ये ‘धिस इज माय आफ्रिका’ हा माहितीपट केला. तो पुढे एचबीओने दाखवला. त्यात मंडळी आपापली आफ्रिका सांगतात: आवडता पदार्थ, आवडता शब्द, आवडता सिनेमा. गोड आहे, पण एका बैठकीत बघून संपतो. २०१०मध्ये न्यूयॉर्कच्या ‘लोकेशन वन’ या कलादालनात नॉलिवूडवर, म्हणजे नायजेरियाच्या सिनेसृष्टीवर, प्रदर्शन भरवलं आणि त्यासाठी ‘फिलिस’ ही फिल्म केली. लागोसमध्ये एकटी राहणारी, विगांच्या नादात अडकलेली बाई. विग उतरला की तिचे डोळे पांढरे होतात. नॉलिवूडचा भडकपणा तोच, पण कथा विरघळवून टाकलेली. याला त्या ‘ऑल्ट-नॉलिवूड’ म्हणतात. माझं हे लाडकं काम, जरी तिचा शेवट मला अजून नीट उमगलेला नाही. त्याच सुमारास नॉलिवूडच्या अभिनेत्रींना कॅमेऱ्यासमोर नुसतं रडायला लावलं, आणि मग स्वतः डोकं भादरून वडिलांसाठी रडायचा प्रयत्न केला, तोही कॅमेऱ्यासमोर. फाशीला तेव्हा पंधरा-सोळा वर्षं झाली होती. २०१२मध्ये न्यूयॉर्क टाइम्ससाठी काळ्या बायकांच्या नैसर्गिक केसांवर एक छोटी फिल्म केली. तेवढ्यापुरत्या त्या बोलत्या माणसांकडे परतल्या.

मग त्या पोर्ट हारकोर्टला गेल्या. वडिलांच्या जुन्या ऑफिसात २०१४मध्ये आर्ट गॅलरी सुरू केली, नाव ‘बॉइज क्वार्टर्स’. म्हणजे साहेबाच्या बंगल्यामागची नोकरांची खोली. दुसरं कुणी असतं तर तिथे बापाचा पुतळा बसवला असता. ‘कारिक्पो पाइपलाइन’मध्ये हरणाचे मुखवटे घातलेले ओगोनी तरुण पाइपलाइन आणि विहिरींच्या जागांवर कोलांट्या मारत नाचतात. वर ड्रोन, खाली हिरवं रान, आणि एकाच वेळी पाच पडद्यांवर. हे सगळं काम २०१५मध्ये लागलं कुठे, तर ह्यूस्टनच्या ब्लाफर म्युझियममध्ये, अमेरिकेच्या तेलधंद्याच्या राजधानीत! २०१७ला गुगेनहाइम फेलोशिप ही अमेरिकेतली मानाची शिष्यवृत्तीही मिळाली.

अलीकडचं काम आपल्या लोकांना पटकन कळेल. तिकडे पामच्या ताडीपासून दारू गाळतात. इंग्रजांनी ती बेकायदा ठरवली आणि ‘इलिसिट जिन’, म्हणजे बेकायदा जिन, हे नाव चिकटलं. झीना यांनी तेच नाव घेऊन ‘इलिसिट जिन इन्स्टिट्यूट’ काढली. अबकारी कायद्याने आपल्याकडे मोहाच्या दारूचं काय केलं ते आठवा. गोव्यात माडाची फेणी दुकानात उजळ माथ्याने मिळते, इकडे हातभट्टी म्हटलं की पोलीस.

तर क्रम असा: ‘टेबल मॅनर्स’, मग ‘फिलिस’, मग ‘कारिक्पो’. माहितीपट शेवटी बघा. ‘टेबल मॅनर्स’ला हेडफोन लावा. जेवताना बघितलं तरी चालेल. मी तसंच बघत होतो. बायको म्हणाली, पोळी गार झाली, आणि हा कोण तुझ्याकडे असा बघतोय?