खाडीसाठी दिल्ली गाठावी का?

प्रश्न : आम्ही पेण तालुक्यात धरमतर खाडीच्या काठी राहतो. कांदळवन तोडून भराव टाकला जातो, बांध फुटून भातशेतीत खारं पाणी शिरतं. या कामासाठी मी बरीच वर्षं धावते आहे, आंदोलनातली एक केसही अंगावर आहे. आता गावकरी म्हणतात, ताई, लोकसभेला अपक्ष उभ्या राहा. पक्षात मला जायचं नाही. उभी राहू की हसं होईल?
– एक वाचक, पेण

उत्तर : ताई, हसं कसलं? मी महसूल खात्यात असताना अर्जांच्या छाननीला बसलोय. हसण्यासारखे उमेदवार पाहिलेत, त्यात तुम्ही बसत नाही.

पण दिल्लीकडून नेमकं काय हवंय ते आधी ठरवा. बांध हे राज्याच्या खारभूमी खात्याचं काम; खासदार तिथे फार तर पत्र देईल. भरावाचं वेगळं आहे. सीआरझेडची, म्हणजे किनाऱ्यालगतच्या बांधकाम-भरावावर बंधनं घालणारी, अधिसूचना केंद्राचं पर्यावरण मंत्रालय काढतं. १९९१, २०११, २०१९ असं तिचं रूप बदलत गेलं. त्यावर मंत्र्याला सभागृहात उभं करायचं तर खासदारच हवा. कांदळवन तोडण्यावर मुंबई उच्च न्यायालयाने २०१८ मध्ये राज्यभर बंदी घातलेलीच आहे, म्हणजे तुमचं भांडण अंमलबजावणीचं. पत्रकात एवढंच लिहा. नाहीतर लोक गटाराची तक्रार घेऊन येतील.

आता हिशेब. रायगड मतदारसंघात साधारण दहा लाख मतदान होतं. वैध मतांच्या एक षष्ठांशापेक्षा जास्त मतं मिळाली नाहीत तर अनामत जप्त, म्हणजे दीड लाखाच्या वर मजल मारावी लागेल. सर्वसाधारण उमेदवाराला अनामत २५,००० रुपये, अनुसूचित जाती-जमातीला १२,५००. ते पैसे गेले असं समजूनच भरा. २०२४ मध्ये सांगलीत विशाल पाटील अपक्ष निवडून आले खरे, पण तिथे वसंतदादांचं घराणं होतं. तुमच्यामागे खाडीकाठ आहे, तोही मतदारसंघाच्या एका टोकाला. दुसऱ्या टोकाच्या दापोली-गुहागरच्या माणसाने धरमतरसाठी का मत द्यावं? तर तिथे दाभोळची खाडी आहे, आणि लोटे औद्योगिक वसाहतीतल्या कारखान्यांच्या सांडपाण्यावरून मच्छीमार वर्षानुवर्षं भांडताहेत. पहिली बैठक पेणला नको, तिकडेच घ्या.

नावाचंही बघा. २०१४ ला इथेच अनंत गीते सुनील तटकरेंपेक्षा अवघ्या २,११० मतांनी पुढे राहिले आणि तटकरेंच्याच नावाच्या एका अपक्षाला त्या फरकाच्या चौपटीहून जास्त मतं पडली! पुढे मतदान यंत्रावर उमेदवाराचा फोटो आला. तरी पत्रकावर फोटो मोठा छापा.

खरी गोची अर्जात असते. मान्यताप्राप्त पक्षाच्या उमेदवाराला एक सूचक (अर्जावर सही करून नाव सुचवणारा) पुरतो, अपक्षाला दहा लागतात आणि दहाही याच मतदारसंघातले मतदार हवेत. तुमच्या चळवळीत उरणची मंडळी असणारच. उरण, पनवेल, कर्जत जिल्ह्याने रायगडचे असले तरी लोकसभेला मावळमध्ये मोडतात. त्यांची सही चालणार नाही. शपथपत्रात एकही रकाना कोरा ठेवू नका. लागू नसेल तिथे ‘निरंक’ किंवा ‘लागू नाही’ लिहा. कोरा रकाना दाखवून दिल्यावरही भरला नाही, तर अर्ज बाद होऊ शकतो.

आंदोलनातली केस लपवू नका. शपथपत्रात तर ती येतेच, शिवाय प्रचारकाळात तीनदा वर्तमानपत्रात आणि टीव्हीवर जाहीर करावी लागते. मला विचाराल तर ही फुकट नसली तरी उत्तम जाहिरात आहे.

निवडणूक खर्चाचं वेगळं बँक खातं अर्ज भरण्याच्या निदान एक दिवस आधी उघडा. मर्यादा ९५ लाखांची आहे. तुम्हाला तिची भीती नाही, पण वर्गणीतून आणलेल्या वड्यांचाही हिशेब रोजच्या रोज वहीत चढला पाहिजे. निकालानंतर तीस दिवसांत तो सादर करायचा, हरलात तरी.

आणि निवडून आलात तर? अपक्ष खासदाराने नंतर पक्षात प्रवेश केला तर पक्षांतरबंदी कायद्याने सदस्यत्व जातं. पक्षात जायचं नाही म्हणता, तेव्हा ही अट तुम्हाला जाचणार नाही. गावकऱ्यांना मात्र आत्ताच सांगून ठेवा, कारण निकालाच्या रात्री तेच ‘सत्तेत चला’ म्हणतील.

निवडणूक जाहीर होण्याची वाट न पाहता दहाऐवजी पंधरा सूचक बघा आणि प्रत्येकाचा यादीतला भाग क्रमांक, अनुक्रमांक स्वतः तपासून घ्या.