प्रश्न तुमचे, उत्तर माझे : बोलणी करणाऱ्याच्या हातात काय होतं?

प्र. सर, अभ्यासिकेत साएब एरेकात या पॅलेस्टिनी नेत्यावरून वाद झाला. मित्र म्हणतो, आयुष्यभर नुसती बोलणी केली, देश काही मिळाला नाही. असल्या माणसाचं काय वाचायचं? आणि ते इस्रायलच्याच दवाखान्यात वारले, हे खरं का?
— एक विद्यार्थी, वसमत

उ. आधीच सांगून टाकतो, हा माणूस माझ्यासारखाच राज्यशास्त्राचा मास्तर, त्यामुळे मला त्याच्याबद्दल थोडी आपुलकी आहे. जन्म 1955 चा, जेरुसलेमला खेटून असलेल्या अबू दिसचा. घर जेरिकोत. शिक्षण अमेरिकेत, डॉक्टरेट इंग्लंडातल्या ब्रॅडफर्डची. परत येऊन नाब्लुसच्या अन-नजाह विद्यापीठात शिकवलं आणि ‘अल-कुद्स’ या दैनिकात लिहिलं.

1991 च्या ऑक्टोबरात माद्रिदला इस्रायल आणि अरबांची शांतता परिषद भरली. पॅलेस्टिनींना स्वतंत्र शिष्टमंडळ नाही, जॉर्डनच्या पंगतीत बसायचं. यासर अराफतांच्या पीएलओला, म्हणजे पॅलेस्टाइन मुक्ती संघटनेला, तर दारही बंद. एरेकात तिथे सुटाबुटावर काळा-पांढरा केफिया, म्हणजे पॅलेस्टिनी रुमाल, टाकून बसले. इस्रायलने कुरकुर केली. खांद्यावरच्या एका फडक्यावरून एवढी बोंब, यावरून तुम्हीच ओळखा बोलण्यांची कळा!

पुढची गंमत ऐका. 1993 मध्ये अधिकृत मंडळी वॉशिंग्टनात चर्चेच्या फेऱ्या करत होती आणि खरा करार नॉर्वेत पीएलओचे अहमद कुरेई गुपचूप ठरवत होते. 2003 मध्ये महमूद अब्बास पॅलेस्टिनी पंतप्रधान झाले, एरेकात वाटाघाटींचे मंत्री. पण इस्रायलचे पंतप्रधान शॅरोन यांना भेटायला जाणाऱ्यांत यांचंच नाव नाही. दिला राजीनामा. काही महिन्यांत परत हजर. नाव ‘मुख्य वाटाघाटीकार’, आणि कधी टेबल दुसरीकडेच मांडलेलं, तर कधी खुर्चीच काढून घेतलेली.

आता तुमच्या मित्राच्या मुद्द्याकडे येतो. आपल्याकडे बांधाचा दावा वर्षानुवर्षं चालतो आणि तोवर शेजारी दर पेरणीला बांध कोरत राहतो. निकाल लागेपर्यंत वाद घालायला रानच उरत नाही. जॉर्डन नदीच्या पश्चिम किनाऱ्यावर, म्हणजे इस्रायलने ताब्यात घेतलेल्या पॅलेस्टिनी भागात, पूर्व जेरुसलेम सोडून, 1993 मध्ये इस्रायली वसाहतींत साधारण 1 लाख 10 हजार माणसं राहत होती. एरेकात गेले तेव्हा 4 लाखांच्या वर. ज्याच्याकडे ना सैन्य, ना सीमेचा ताबा, त्याने टेबलावर कागद सोडून काय आपटायचं?

म्हणून काही ते धुतल्या तांदळासारखे नव्हते. 2002 मध्ये जेनिनच्या पॅलेस्टिनी निर्वासित छावणीत इस्रायली सैन्य शिरलं, तेव्हा यांनी दूरचित्रवाणीवर मृतांचा आकडा पाचशेच्या घरात सांगितला. संयुक्त राष्ट्रांच्या अहवालात 52 पॅलेस्टिनी निघाले. बावन्न माणसं काय थोडी झाली? पण फुगवलेल्या आकड्याने खऱ्या मेलेल्यांवरचाही विश्वास उडाला, हे मला अजून खुपतं. 2011 च्या जानेवारीत वाटाघाटींची सुमारे 1,600 कागदपत्रं अल जझीरा या वृत्तवाहिनीने बाहेर काढली. जेरुसलेममधल्या बहुतेक वसाहती इस्रायलला सोडायची तयारी 2008 मध्येच दाखवली होती, हे लोकांना कळलं आणि घरचेच लोक अंगावर आले. कागद फुटले तेही यांच्याच कार्यालयातून. पुन्हा राजीनामा, आणि 2013 मध्ये पुन्हा तेच टेबल, समोर पुन्हा इस्रायलच्या वाटाघाटीकार त्झिपी लिव्नी. एवढा चिवटपणा मला तरी जमला नसता.

दवाखान्याचं खरं आहे. 2017 मध्ये अमेरिकेत फुप्फुस बदललेलं, त्यात कोरोना. 2020 च्या ऑक्टोबरात जेरिकोहून जेरुसलेमच्या हदासा रुग्णालयात नेलं, 10 नोव्हेंबरला वारले. तेव्हा दोन्हीकडच्या लोकांनी टोमणे मारले. दफन जेरिकोत झालं.

प्र. महमूद अब्बास पॅलेस्टिनी अध्यक्ष म्हणून किती वर्षांसाठी निवडून आले होते?
— एक वाचक, औसा

उ. चार. निवडणूक जानेवारी 2005 ची. 2021 मध्ये पुन्हा जाहीर झाली आणि पुढे ढकलली, ती ढकललेलीच. हसू नका, आपल्याही महापालिकांवर वर्षानुवर्षं प्रशासक होते, तेव्हा तुम्ही किती पत्रं लिहिलीत?