नळीभर लाळ, घरभर प्रश्न

घरबसल्या होणाऱ्या जनुकीय चाचण्यांबद्दल आणि त्यांतून उभ्या राहणाऱ्या पेचांबद्दल वाचकांनी विचारलेले काही प्रश्न आणि त्यांची उत्तरं.

प्रश्न : दोन कंपन्यांकडे लाळ पाठवली. एकीच्या मते माझा १८ टक्के वंश एका विशिष्ट प्रदेशातला, दुसरीच्या मते ४ टक्के. सख्ख्या बहिणीच्या अहवालात तर तो प्रदेशच नाही. खरं कुणाचं मानायचं?

तिन्ही अहवाल आपापल्या जागी बरोबर असू शकतात. आपल्या डीएनएत सुमारे तीन अब्ज अक्षरं असतात. कंपनीची चिप त्यांतली साधारण सहा-सात लाख निवडक ठिकाणंच वाचते. मग तुमच्या डीएनएचा एकेक तुकडा घेऊन तो कंपनीकडच्या संदर्भसंचाशी ताडून पाहिला जातो. हा संच म्हणजे आज हयात असलेली, आपले पूर्वज एकाच भागातले आहेत असं सांगणारी माणसं. तेव्हा ‘१८ टक्के’ याचा अर्थ ‘तुमचे इतके पूर्वज तिथून आले’ असा नाही. तुमचे इतके तुकडे आमच्या यादीतल्या या गटाशी सर्वांत जास्त जुळले, एवढंच कंपनी सांगते. यादी बदलली की टक्के बदलतात. एकाच कंपनीने संच वाढवला तरी जुन्या ग्राहकांचे आकडे हलतात. एकमेकांना लागून असलेल्या प्रदेशांत ही सरमिसळ सर्वांत जास्त होते, कारण तिथली माणसं शतकानुशतकं एकमेकांत मिसळलेली असतात.

अहवालात विश्वासपातळी (किती खात्री असेल तरच आकडा दाखवायचा) बदलण्याची सोय असेल, तर ती कमाल करून पाहा. बरेचसे छोटे आकडे ‘अनिश्चित’ या रकान्यात जाऊन पडतील. दोन-तीन टक्क्यांच्या जोरावर कुणी स्वतःची नवी ओळख सांगू लागलं, तर आम्ही तरी ती मनावर घेणार नाही.

आता बहीण. आई आणि वडील प्रत्येकी आपला निम्मा डीएनए देतात, पण कोणता निम्मा हे प्रत्येक अपत्याच्या वेळी नव्याने ठरतं. त्यामुळे वडिलांकडचा एखादा तुकडा तुम्हाला मिळाला आणि तिला नाही, हे अगदी नेहमीचं आहे. दहा पिढ्या मागे गेलात तर वंशवृक्षात १,०२४ जागा असतात आणि त्यांतल्या बऱ्याच जणांचा एकही तुकडा तुमच्यात उरलेला नसतो. म्हणून ते तुमचे पूर्वज नव्हते असं होत नाही. आणखी एक गोष्ट : माणसांमधल्या जनुकीय विविधतेपैकी सुमारे ८५ टक्के विविधता एकेका लोकसमूहाच्या आतच असते, हे जनुकशास्त्रज्ञ रिचर्ड लेवॉन्टिन यांनी १९७२मध्ये दाखवलं होतं. अहवालातला रंगीत नकाशा उरलेल्या थोड्याशा फरकावर रंगवलेला असतो.

प्रश्न : डीएनए जुळणाऱ्यांच्या यादीत एक अनोळखी माणूस १,७६० सेंटिमॉर्गनने जुळला आहे. कंपनी ‘जवळचा नातेवाईक’ म्हणते. घरात कुणालाच तो माहीत नाही. काय करू?

आधी आकडा समजून घ्या. सेंटिमॉर्गन हे दोघांत किती डीएनए सामाईक आहे ते मोजायचं एकक. आई-वडील आणि अपत्य यांच्यात सुमारे ३,४०० ते ३,५०० सेंटिमॉर्गन जुळतात. सख्ख्या भावंडांत सरासरी २,६००च्या आसपास आणि पहिल्या पिढीच्या चुलत-मावस भावंडांत साडेआठशेच्या आसपास. १,७६० हा आकडा पडतो तीन नात्यांच्या मध्ये : सावत्र भावंड (एकच पालक सामाईक), काका-मामा-आत्या-मावशी किंवा आजी-आजोबा. (आपल्याकडे चुलत, मावस, आते, मामे असे चार शब्द आहेत, सेंटिमॉर्गनला त्यांतला एकही ओळखता येत नाही.)

नुसत्या आकड्यावरून या तिघांत निवड करता येत नाही. वय पाहा : तुमच्याच वयाचा असेल तर आजोबा बाद. तुकड्यांची लांबी पाहा : आजी-आजोबांशी जुळणारे तुकडे मोजके पण लांब असतात. मग बाजू ठरवा. आईकडच्या ओळखीच्या नातेवाइकाने चाचणी केलेली असेल आणि तो या अनोळखी माणसाशीही जुळत असेल, तर धागा आईकडचा. तुम्ही पुरुष असाल तर तुमचं एक्स गुणसूत्र फक्त आईकडून आलेलं असतं, त्यामुळे त्यावर मोठा तुकडा जुळला तर तोही आईकडेच बोट दाखवतो. उलट, एकाच वडिलांच्या दोन सावत्र बहिणींमध्ये वडिलांकडचं अख्खं एक्स जुळतं. ते जुळत नसेल, तर वडील एक असण्याची शक्यता मिटते.

गोंधळ होतो तो इथून पुढे. लोक रात्री यादी उघडतात आणि सकाळी आईला जाब विचारतात. त्या माणसाचा जन्म शुक्राणूदात्यामुळे झाला असेल, त्याला दत्तक दिलेलं असेल, किंवा चाळीस वर्षांपूर्वीचं एखादं प्रकरण असेल, यांपैकी काय हे आकडा सांगत नाही. पहिला संदेश तीन ओळींचा ठेवा : आपण इतक्या प्रमाणात जुळतो, मला नातं माहीत नाही, तुमची इच्छा असेल तर बोलू. अंदाज, आरोप, फोटो काही नको. उत्तर आलं नाही तर काही महिन्यांनी एकदाच पुन्हा लिहा. दात्यांना गुप्ततेचं वचन दिलं गेलं तेव्हा अशा याद्या नव्हत्या, हेही लक्षात असू द्या. स्वीडनने १९८५पासून आणि ब्रिटनने २००५मध्ये नव्या दात्यांची निनावी सोय कायद्यानेच काढून टाकली. जिथे ती अजून कागदावर आहे, तिथेही यादीत मात्र टिकत नाही.

प्रश्न : आत्याला चाळिशीत स्तनाचा कर्करोग झाला. मी घरगुती चाचणी केली, बीआरसीएचा निकाल ‘आढळलं नाही’ असा आला. आता निश्चिंत राहू ना?

नाही. बीआरसीए१ आणि बीआरसीए२ या स्तनाच्या कर्करोगाशी जोडलेल्या जनुकांतले हजारो घातक बदल नोंदले गेले आहेत. अमेरिकेत २०१८मध्ये ज्या घरगुती चाचणीला परवानगी मिळाली, ती त्यांतले फक्त तीन पाहत होती, आणि तेही प्रामुख्याने अश्केनाझी (मध्य आणि पूर्व युरोपातल्या) ज्यू वंशाच्या लोकांत आढळणारे. पुढे याद्या वाढल्या, तरी चिप निवडक ठिकाणंच वाचते. जनुकाचा अख्खा तुकडा गळालेला असेल तर तो तिला सहसा दिसतही नाही.

योग्य क्रम असा : शक्य असेल तर पहिली चाचणी आत्याची, तुमची नव्हे. तिच्या रक्तातून दोन्ही जनुकांचं पूर्ण वाचन आणि गळालेल्या किंवा दुप्पट झालेल्या तुकड्यांची तपासणी, दोन्ही मागा. तिच्यात घातक बदल सापडला तर नेमका तोच वडिलांच्या आणि तुमच्या रक्तात शोधायचा. तसा शोध घेऊनही तो तुमच्यात नसेल, तर तो नकार भरवशाचा. तिच्यात काहीच सापडलं नाही, तर तुमच्या नकाराला फारसं वजन नाही. मग धोका कौटुंबिक इतिहासावरून मोजावा लागतो. आजार वडिलांच्या बाजूचा असेल तर तो मोजायचा नाही, हा गैरसमज फार जुना आहे. बदल बापाकडूनही ५० टक्के शक्यतेनेच येतो.

कच्ची माहिती (डीएनए वाचनाची मूळ फाइल) उतरवून ती तिसऱ्याच संकेतस्थळावर तपासणारेही बरेच आहेत. २०१८मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात अशा ४९ जणांचे नमुने वैद्यकीय प्रयोगशाळेत पुन्हा तपासले, तेव्हा कच्च्या माहितीतले ४० टक्के बदल मुळात नव्हतेच. आणि अहवालात ‘अर्थ अनिश्चित असलेला बदल’ असं आलं, तर त्यावरून शस्त्रक्रियेचा निर्णय घेऊ नका. असे बहुतेक बदल पुढे निरुपद्रवी ठरतात.

प्रश्न : आजोबांना हंटिंग्टन (मेंदूच्या पेशी हळूहळू नष्ट करणारा आनुवंशिक आजार) होता. बाबांना स्वतःबद्दल जाणून घ्यायचं नाही. मला (वय २४) घ्यायचं आहे. माझा अधिकार कितपत?

अधिकार पूर्ण आहे, पण निकाल एकट्याचा राहणार नाही. आज तुमचा धोका साधारण २५ टक्के, बाबांचा ५०. तुमच्यात दोष निघाला तर तो बाबांकडूनच आलेला असणार, म्हणजे त्यांनी नाकारलेलं उत्तर तुमच्या चेहऱ्यावर वाचता येईल. तुमच्यात नसेल, तर मात्र त्यांच्याबद्दल काहीच ठरत नाही.

हे जनुक १९९३मध्ये सापडलं. त्यात ‘सीएजी’ ही तीन अक्षरं किती वेळा येतात ते मोजतात. २६पर्यंत सामान्य. २७ ते ३५ असेल तर स्वतःला आजार होत नाही, पण पुढच्या पिढीत, विशेषतः वडिलांकडून जाताना, संख्या वाढू शकते. ३६ ते ३९ असेल तर आजार होईल किंवा होणारही नाही. ४० किंवा त्याहून जास्त असेल तर तो होतोच, फक्त केव्हा ते नेमकं सांगता येत नाही. चांगलं केंद्र आधी समुपदेशन करतं, विचाराला वेळ देतं, मगच रक्त घेतं. निकाल समोरासमोर, सोबत कुणीतरी असताना देतात. रक्त दिल्यानंतरही ‘निकाल नको’ म्हणता येतं. विम्याचे अर्ज आधी वाचून घ्या : अमेरिकेच्या २००८च्या कायद्यानेही आरोग्यविमा आणि नोकरी यांनाच संरक्षण दिलं, आयुर्विम्याला नाही. आणि बाबांना चाचणीआधी सांगा, निकालानंतर नव्हे.

प्रश्न : बोन मॅरो ट्रान्सप्लांट झालेल्याने वंशाची चाचणी करावी का?

मज्जा दुसऱ्याची असेल तर करू नये. लाळेत रक्तातल्या पांढऱ्या पेशी असतात आणि त्या आता दात्याच्या आहेत. चाचणी फसते किंवा दात्याचे चुलते-मावश्या तुमचे म्हणून यादीत येतात. वैद्यकीय कारणासाठी गरज असेल तर त्वचेच्या पेशी वाढवून तपासतात.

प्रश्न : कंपनी विकली गेली तर? माझी माहिती पुसता येईल का?

२३अँडमी या अमेरिकी चाचणी कंपनीने मार्च २०२५मध्ये दिवाळखोरीचा अर्ज केला, तेव्हापासून हा प्रश्न अनेकांना पडला आहे. पुसायच्या गोष्टी तीन असतात आणि बहुधा त्यांची बटणंही वेगवेगळी : खातं आणि माहिती, साठवलेली लाळ, संशोधनाची संमती. खातं बंद केलं म्हणून लाळेची नळी नष्ट होतेच असं नाही. आधी कच्ची माहिती उतरवून घ्या, मग संमती मागे घ्या, नमुना नष्ट करायला सांगा आणि शेवटी खातं पुसा. पूर्ण झालेल्या संशोधनात गेलेली माहिती परत येत नाही.

एक मर्यादा मात्र बटणाने सुटत नाही. २०१८मध्ये कॅलिफोर्नियातला जुना खुनी सापडला तो त्याच्या दूरच्या नातेवाइकांनी वंशावळीच्या संकेतस्थळांवर ठेवलेल्या माहितीतून. त्याने स्वतः तिथे काहीच ठेवलेलं नव्हतं. २०२३मध्ये २३अँडमीची सुमारे १४,००० खाती फोडली गेली, पण ‘नातेवाईक दाखवा’ ही सोय चालू असल्यामुळे जवळपास ६९ लाख लोकांची माहिती बाहेर गेली. ती खाती फुटली ती इतरत्र वापरलेलेच पासवर्ड तिथे ठेवल्यामुळे. खातं ठेवायचंच असेल तर नवा पासवर्ड लावा, दोन टप्प्यांची पडताळणी चालू करा, नातेवाईक शोधण्याची सोय बंद करा, आणि घरात आणखी कुणी नळी पाठवली असेल तर त्यांनाही हे करायला सांगा.