'नोमॉनिक'ला शांकव म्हणू नका

'नोमॉनिक' (gnomonic) या इंग्रजी विशेषणाचं मराठीत काय करायचं, या तुमच्या प्रश्नात तीन वाक्यं आहेत. जुन्या नौकानयनाच्या पुस्तकातला 'नोमॉनिक चार्ट', सूर्यघड्याळांच्या प्रदर्शनातल्या फलकावरची 'नोमॉनिक आर्ट' आणि गणिताच्या लेखातले 'नोमॉनिक नंबर'. मजकूर तपासणाऱ्यांनी पहिल्याचं 'शांकव नकाशा' केलं, दुसऱ्याचं 'सूत्रमय कला' केलं आणि तिसऱ्यापुढे नुसतं प्रश्नचिन्ह काढून परत पाठवलं. हा त्रास माझ्या चांगल्या ओळखीचा आहे, म्हणून सविस्तर लिहितो. मी भाषाशास्त्राचा माणूस नाही, सूर्यघड्याळं आणि नकाशे या अंगाने या शब्दाशी संबंध येतो. व्युत्पत्तीत कुणाला दुरुस्ती करायची असेल तर जरूर करा.

विशेषण म्हणजे काय, शब्दकोश कसा बघायचा हे तुम्हाला माहीत आहे, ते सोडतो. थेट घोळाकडे येतो.

घोळ 'शंकू' या आपल्याच शब्दात आहे. सूर्यघड्याळाच्या तबकडीवर सावली पाडणारा जो भाग उभा असतो त्याला इंग्रजीत नोमॉन म्हणतात, आणि आपल्या ज्योतिषग्रंथांत त्यालाच शंकू म्हणतात. शंकूचा मूळ अर्थ खुंटी किंवा मेख. बारा अंगुळांचा शंकू सपाट जमिनीवर रोवायचा आणि त्याच्या सावलीवरून दिशा, स्थळ आणि काळ काढायचा, ही रीत 'सूर्यसिद्धांत' या जुन्या ज्योतिषग्रंथाच्या 'त्रिप्रश्नाधिकार' या प्रकरणात आहे. म्हणजे नोमॉनला शंकू म्हणणं शंभर टक्के बरोबर. पण आज शाळेत शिकलेल्या कुठल्याही माणसाला शंकू म्हटलं की आइस्क्रीमच्या कोनाचा आकार दिसतो, आणि शांकव (म्हणजे शंकू सपाट कापला की मिळणारे वक्र) म्हटलं की लंबवर्तुळ, अन्वस्त (पॅराबोला), अपास्त (हायपरबोला) आठवतात. त्यामुळे नोमॉनिकचं 'शंकूचा' आणि त्याचं पुढे 'शांकव' झालं, की वाचक दुसऱ्याच नकाशावर जाऊन पोचतो. कारण शंकू प्रक्षेपण नावाचं एक वेगळं, अगदी नेहमीच्या वापरातलं प्रक्षेपण (म्हणजे पृथ्वीगोल सपाट कागदावर उतरवायची रीत) आधीपासून आहे. त्यात पृथ्वीगोलावर टोपीसारखा शंकू ठेवलाय अशी कल्पना करतात आणि तो उलगडून सपाट करतात. नोमॉनिकमध्ये शंकूच्या आकाराचं काहीच नाही. पृथ्वीच्या केंद्रात दिवा ठेवला आहे आणि गोलाला एका बिंदूत टेकलेल्या सपाट कागदावर सावल्या पडत आहेत, अशी कल्पना करा. बस.

ही चूक तपासताना सुटते, त्याला एक खरं कारण आहे. नोमॉनिक नकाशावर अक्षवृत्तं शांकवाच्याच आकारात उमटतात. कुठे लंबवर्तुळ, कुठे अन्वस्त, कुठे अपास्त, फक्त विषुववृत्त सरळ रेषा (कागद ध्रुवावर टेकवला असेल तर अक्षवृत्तं वर्तुळं होतात आणि विषुववृत्त कागदावर येतच नाही). सूर्यघड्याळातही तसंच. शंकूच्या टोकाची सावली दिवसभरात जी वाट चालते ती आपल्या अक्षांशांवर अपास्त असते, आणि विषुवदिनी सरळ रेषा. त्यामुळे कुणी आकृतीकडे बघून 'हो, शांकव आहेत की' म्हणालं तर ते डोळ्यांना पटतं. पण तो आकार त्या रेषांचा. प्रक्षेपणाचं नाव त्यावरून पडलेलं नाही.

आणि इथे मला एक तक्रार नोंदवायचीच आहे. एका कार्यालयाच्या संज्ञासूचीत या विशेषणासमोर एकच प्रतिशब्द होता, तोही 'शांकव'. वाक्य नकाशाचं आहे की घड्याळाचं, हे विचारायला तिथे कुणी तयार नव्हतं. 'सूचीत आहे तेच छापायचं.' आकृती बरोबर, मथळा चुकीचा, आणि छपाईनंतर दुरुस्तीचा भुर्दंड अनुवाद करणाऱ्यावर. म्हणून कळकळीने सांगतो, प्रतिशब्द मंजुरीला पाठवताना नुसता शब्द पाठवू नका. पूर्ण वाक्य, आकृती आणि 'हे शंकू प्रक्षेपण नव्हे' अशी एक ओळ सोबत लेखी जोडा. तोंडी सांगितलेलं नंतर कुणाला आठवत नाही.

आता 'सूत्रमय'कडे. हा दुसऱ्या जातीचा गोंधळ. इंग्रजीत नोमिक असाही शब्द आहे, जी-एन-ओ-एम-आय-सी. त्याचा अर्थ सुभाषितासारखं, थोडक्यात मोठं सांगणारं. नोमॉनिकमध्ये मध्ये ओ-एन ही दोन अक्षरं जास्त आहेत, तेवढाच फरक. दोन्हींचं मूळ ग्रीक भाषेतल्या 'जाणणे' या धातूत आहे, जो आपल्या 'ज्ञा'चा सख्खा भाऊ. एका फांदीवर नोमे, म्हणजे मत किंवा वचन, आणि त्यावरून नोमिक. दुसऱ्या फांदीवर नोमॉन, म्हणजे जाणणारा, दाखवणारा, आणि त्यावरून नोमॉनिक. सावली दाखवणारा तो नोमॉन. शब्दाच्या सुरुवातीचा 'जी' इंग्रजीत मुका आहे, म्हणून देवनागरीत 'ग्नोमोनिक' लिहू नये, 'नोमॉनिक' लिहावं. हाच धातू शब्दाच्या पोटात आला की 'ग' ऐकू येतो, जसं डायग्नोसिसमध्ये.

तिसरा सोबती निमॉनिक, म्हणजे आठवणीत ठेवायची क्लृप्ती. त्याचं मूळ वेगळं आहे, पण देवनागरीत नोमॉनिक आणि निमॉनिक यांत पहिल्या अक्षराच्या मात्रेचा फरक उरतो. मुद्रितशोधन करणाऱ्याला ही जोडी आधीच सांगून ठेवा.

सावधगिरीची एक गोष्ट. नकाशांच्या जुन्या इंग्रजी लिखाणात याच प्रक्षेपणाला काही वेळा नोमिक असंही म्हटलेलं सापडतं. तिथे मूळ लेखकाची चूक समजून बसू नका आणि 'सूत्रमय' तर अजिबात करू नका. म्हणून माझा नियम असा की विशेषणाकडे बघायच्या आधी त्याच्या पुढचं नाम बघायचं. चार्ट, मॅप, प्रोजेक्शन असेल तर नकाशा. डायल, आर्ट, सायन्स असेल तर सूर्यघड्याळ. नंबर किंवा फिगर असेल तर गणित. व्हर्स किंवा अटरन्स असेल तर तो शब्द बहुधा नोमिकच आहे, पुन्हा वाचा. स्फटिकशास्त्रातही नोमॉनिक प्रोजेक्शन येतं, तिथे स्फटिकांच्या पृष्ठांच्या दिशा याच पद्धतीने कागदावर मांडतात. शेवटी एस लागून नोमॉनिक्स झालं असेल तर ते विशेषण नाही, सूर्यघड्याळं आखण्याच्या शास्त्राचं नाव आहे आणि इंग्रजीत एकवचनी चालतं.

घड्याळाचा शब्द नकाशाला का लागला, हे समजलं की अर्थ कायमचा डोक्यात बसतो. नकाशाच्या या पद्धतीला पूर्वी 'होरोलॉजियम', म्हणजे घड्याळच, म्हणत. नोमॉनिक हे नाव १९व्या शतकातलं. कारण निव्वळ भूमितीचं आहे. आडव्या सूर्यघड्याळावर मध्यान्हरेषेपासून तासाची रेषा किती अंशांवर काढायची याचं सूत्र असं: त्या कोनाचा टॅन = अक्षांशाचा साइन गुणिले तासकोनाचा टॅन. तासकोन म्हणजे मध्यान्हापासून सूर्य सरकलेला कोन, तासाला १५ अंश. पुण्याचा अक्षांश १८.५ धरला तर दुपारी १ ची रेषा सुमारे ४.९ अंशांवर, २ ची १०.४, ३ ची १७.६, ४ ची २८.८, ५ ची ४९.८ आणि ६ ची ९० अंशांवर येते. आता पुण्यापाशी कागद टेकवून नोमॉनिक नकाशा काढा. त्यात ध्रुवापासून फुटणारी रेखावृत्तं, १५-१५ अंशांची घेतली तर, नेमक्या याच कोनांवर पसरतात. सूत्र तेच, आकडे तेच. लंडनच्या ५१.५ अक्षांशावर हेच कोन ११.८, २४.३, ३८.१, ५३.६, ७१.१ असे होतात, म्हणून तिकडचं पितळी घड्याळ विकत आणून इथे बागेत बसवलं तर ते चुकीची वेळ दाखवतं. नुसती शंकूची कड उतरती करून भागत नाही, तबकडीवरच्या रेषाही त्या गावच्याच लागतात.

जयपूरच्या जंतरमंतरमधल्या सम्राट यंत्राचं, म्हणजे तिथल्या प्रचंड सूर्यघड्याळाचं, उदाहरण देताना मात्र हे सूत्र लावू नका, ही चूक बऱ्याच लेखांत दिसते. त्याची तिरकी भिंत जयपूरच्या अक्षांशाएवढी, सुमारे २७ अंशांत चढलेली आहे आणि ती नोमॉनच आहे. पण दोन्ही बाजूंचे वक्र चौथरे विषुववृत्ताच्या पातळीला समांतर आहेत, म्हणून त्यांवरचे तास सारख्या अंतरावर आहेत.

नौकानयनाच्या वाक्यात आणखी एक खड्डा आहे. 'नोमॉनिक चार्टवर ग्रेट सर्कल सरळ रेषा दिसते' याचं 'जहाज सरळ जातं' असं भाषांतर होतं. ते चूक. ग्रेट सर्कल म्हणजे पृथ्वीच्या केंद्रातून जाणाऱ्या पातळीने कापलेलं वर्तुळ, दोन बंदरांमधला सर्वांत जवळचा रस्ता. या नकाशावर तो सरळ दिसतो खरा, पण त्यावरून जाताना होकायंत्राची दिशा सतत बदलावी लागते. होकायंत्राची दिशा कायम ठेवणारी वाट मर्केटर नकाशावर सरळ दिसते. म्हणून खलाशी दोन्ही नकाशे वापरतात. नोमॉनिकवर पट्टीने रेघ ओढायची, समजा दर ५ रेखांशांवर तिचे अक्षांश वाचायचे, ते बिंदू मर्केटरवर उतरवायचे आणि लहान लहान तुकड्यांनी जोडायचे. योकोहामा ३५ अंशांवर, सॅन फ्रान्सिस्को ३८ अंशांखाली, तरी मधली वाट सुमारे ४८ अंश उत्तरेपर्यंत चढते. या नकाशाची किंमतही मोजावी लागते: मध्यापासून ६० अंशांवर प्रमाण बाहेरच्या दिशेला ४ पट आणि आडव्या दिशेला २ पट फुगतं, आणि ९० अंशांवरचा बिंदू कागदावर कधीच येत नाही. अर्धी पृथ्वीसुद्धा पूर्ण मावत नाही. म्हणून 'नोमॉनिक जगाचा नकाशा' असं एकाच चौकटीबद्दल लिहिलेलं आढळलं तर मूळ पुन्हा तपासा.

गणितातलं वाक्य सगळ्यात सोपं, कारण तिथे मराठीत नेमका शब्द आहे. ग्रीकमध्ये नोमॉन म्हणजे सुताराचा गुण्यासुद्धा, काटकोन तपासायचं एल-आकाराचं साधन. चौरसाला दोन बाजूंनी गुण्याच्या आकाराची पट्टी जोडली की पुढचा चौरस तयार होतो. नऊ चिंचोके तीन-तीनच्या ओळींत मांडा, त्याला ७ चिंचोक्यांचा गुण्या लावा, सोळा झाले. १, ३, ५, ७ या विषम संख्या म्हणजे असे गुण्ये, म्हणून त्या नोमॉनिक नंबर. 'गुण्या-संख्या' लिहा आणि शेजारी आकृती द्या. 'शंकू-संख्या' केलंत तर कुणालाच बोध होणार नाही.

बाकी दोन ठिकाणी माझी पसंती: नकाशासाठी 'नोमॉनिक प्रक्षेपण' तसंच ठेवून पहिल्यांदा येईल तिथे 'पृथ्वीच्या केंद्रातून टाकलेलं' एवढं जोडा. काहीजण 'केंद्रीय प्रक्षेपण' सुचवतात. अर्थाने बरोबर आहे, पण 'केंद्रीय' शब्दाला सरकारी छाया आहे, मला तो आवडत नाही. घड्याळासाठी 'छायाशंकूचा' किंवा सरळ 'सूर्यघड्याळाचा'. 'शंकू'च्या आधी 'छाया' लावलं की आकाराचा गैरसमज होत नाही. 'नोमॉनिक आर्ट'ला 'सूर्यघड्याळं आखण्याची कला' पुरेसं आहे. एका शब्दाला एकच शब्द हवा हा हट्ट सोडा. तज्ज्ञांमध्ये याबद्दल मतभेद असू शकतात, हे माझं मत.

तुमच्या फलकाच्या मजकुरात पुढे आणखी शब्द अडतील, म्हणून जाता जाता: सूर्यघड्याळाच्या संदर्भात स्टाइल म्हणजे शैली नव्हे, सावली पाडणारी कड. नोमॉन म्हणजे अख्खी त्रिकोणी पट्टी, स्टाइल म्हणजे तिची ध्रुवाकडे रोखलेली धार, आणि अक्षांशाचा कोन या धारेचा मोजायचा. फर्निचर म्हणजे तासांखेरीज तबकडीवर काढलेल्या जास्तीच्या रेषा, उदाहरणार्थ राशींच्या. डिक्लायनिंग डायल म्हणजे नेमकी पूर्व, पश्चिम, दक्षिण, उत्तर न बघणाऱ्या भिंतीवरचं घड्याळ, रिक्लायनिंग म्हणजे मागे कललेलं. डायलिंग म्हणजे फोन लावणं नव्हे, नोमॉनिक्सचंच जुनं इंग्रजी नाव. आणि सायथेरिक असं विशेषण भेटलं, एस-सी-आय-ए-टी-एच-ई-आर-आय-सी, तर घाबरू नका. ते नोमॉनिकपेक्षाही दुर्मीळ आहे, अर्थ 'सावली पकडणारं', आणि त्यातला ग्रीक 'स्किया' आपल्या 'छाया'चा नातेवाईक आहे. तिथे 'छायायंत्राचं' सरळ चालेल.

पहिल्या वाक्यातला 'शांकव' आजच काढायला सांगा, मजकूर छपाईला जाण्याआधी. आकृतीत अक्षवृत्तं वाकलेली आणि रेखावृत्तं सरळ दिसतात, त्यावर बोट ठेवून कुणी वाद घातला तर शंकू प्रक्षेपणाचा एक नकाशा शेजारी ठेवा. त्यात सगळी अक्षवृत्तं एकाच मध्याभोवतीच्या वर्तुळांचे तुकडे असतात आणि विषुववृत्तसुद्धा वाकलेलं असतं. तुमच्या चार्टवर ते सरळ आहे.