माहितीपटांचं एडिटिंग करून पोट भरतं का?

तुम्ही विचारलंय की बी.कॉम. झालंय, फोनवर रील्स कापता येतात, तर माहितीपटांचा एडिटर होता येईल का आणि त्यासाठी एफटीआयआय (पुण्याची फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूट) करावंच लागतं का.

पैशांचं आधी सांगून टाकतो. निव्वळ माहितीपटांवर माझं घर कधीच चाललं नाही. कंपन्यांच्या फिल्म्स केल्या, लग्नंसुद्धा कापली (लग्नवाले पैसे वेळेवर देतात, हे मान्य करायला हवं). पूर्वी मुंबईत १९४८ पासूनचं, माहितीपट काढणारं सरकारी फिल्म्स डिव्हिजन तरी होतं, तिथे एडिटर पगारावर असायचे. २०२२ मध्ये ते एनएफडीसीत (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात) विलीन झालं.

आता काम. कथापटाला पटकथा असते. इथे ऐंशी तासांचे रशेस, म्हणजे कच्चं चित्रीकरण, पुढ्यात पडतात आणि पटकथा त्यातूनच शोधायची. पहिला महिनाभर मी एकही कट मारत नाही. नुसतं ऐकतो, कोण काय बोललं ते टाइमकोडसकट (फुटेजमधल्या नेमक्या वेळेसकट) लिहून काढतो. हे कंटाळवाणं वाटत असेल तर रील्सच बऱ्या.

माझी पहिली फिल्म बीडच्या ऊसतोड कामगारांवर होती. एक म्हातारी म्हणते, "यंदा आमच्या घरचे दोन कोयते गेले." मी पुण्यात वाढलेला. त्या वाक्यावर झोकात दोन कोयत्यांचा क्लोजअप टाकला! रफ कट (पहिली कच्ची जुळणी) बघायला दिग्दर्शिकेने तिकडचे एक काका बोलावले होते, ते हसून हसून बेजार. तिकडे कोयता म्हणजे नवरा-बायकोची जोडी. मुकादम उचल (आगाऊ पैसे) देतो ती जोडीला, एकटा माणूस अर्धा कोयता. म्हणजे म्हातारीचे दोन लेक, दोन सुना कारखान्याला गेले होते आणि मी लोखंड दाखवत होतो. तो शॉट काढून टाकला, तिथे तिच्याजवळ मागे राहिलेली नातवंडं लावली.

एफटीआयआयचा एडिटिंगचा कोर्स तीन वर्षांचा, कुठल्याही शाखेच्या पदवीधराला परीक्षा देता येते. मिळाला तर जरूर करा. मी केलेला नाही. दोन वर्षं असिस्टंट होतो: कॅमेऱ्याची मेमरी कार्डं कॉम्प्युटरवर उतरवून घ्यायची, दोन हार्ड डिस्कवर कॉपी ठेवायची, आवाज चित्राशी जुळवायचा (सिंक), सबटायटल्स टाकायची. सराव करायला दाविंची रिझॉल्व या एडिटिंग सॉफ्टवेअरची फुकट आवृत्ती पुरे.

आणि तेलंगणाच्या सीमेजवळच्या देगलूरचे आहात म्हणता, म्हणजे थोडंफार तेलुगू कळत असणार. कोयत्यासारखी चूक भाषा कळणाऱ्याकडून होत नाही, म्हणून कुणाकडे काम मागाल तेव्हा सॉफ्टवेअरच्या आधी ते सांगा.