महाराष्ट्रात मतदार पक्षाला मत देतो, नेत्याला की चिन्हाला?

निवडणूक कोणती, यावर बरंच अवलंबून आहे. बारामतीच बघा. 2024 च्या लोकसभेला बारामती विधानसभा क्षेत्रात सुप्रिया सुळेंना आघाडी मिळाली आणि त्याच वर्षी नोव्हेंबरात तिथूनच अजित पवार जवळपास लाखाच्या फरकाने निवडून आले. ‘लोकसभेला ताई, विधानसभेला दादा’ असं लोक उघड बोलत होते. याला पक्षनिष्ठा म्हणायचं की व्यवहार, तुम्हीच ठरवा. मला तरी यात गोंधळ दिसत नाही, लोकांनी चोख हिशोब केला होता.

ग्रामीण भागात पक्षाआधी गट असतो. ऊस कोणत्या कारखान्याला जातो, गावच्या सहकारी पतपुरवठा सोसायटीत कोणाचं पॅनल आहे, यावर घरातली मतं ठरतात. नेत्याने पक्ष बदलला की गटही बदलतो, फक्त गळ्यातलं उपरणं वेगळं.

पण चिन्हाला कमी लेखू नका. साताऱ्यात 2024 च्या लोकसभेला शरद पवार गटाचं चिन्ह होतं ‘तुतारी वाजवणारा माणूस’ आणि एका अपक्षाला मिळालं ‘तुतारी’, म्हणजे लोकांच्या भाषेत पिपाणी. पिपाणीला 37 हजारांवर मतं गेली, शरद पवार गटाचे उमेदवार शशिकांत शिंदे पडले साधारण 32 हजारांनी. ही सगळी मतं चुकून गेली असं छातीठोकपणे सांगता येणार नाही, पण अनोळखी अपक्षाला एरवी इतकी मतं कोण देतं? दिंडोरीत तर पिपाणीने लाखाचा आकडा ओलांडला, तरी तिथे शरद पवार गटाचे भास्कर भगरे निवडून आले.

शहरांत हे गणित वेगळं, तिथे गटाची पकड बरीच सैल असते.