मल्याळम सिनेमा आणि केरळची संस्कृती एकमेकांना कसं घडवतात?

थोडक्यात सांगायचं तर, तिथला प्रेक्षक आधी वाचक होता. पी. एन. पणिक्कर यांनी 1945 पासून गावोगावच्या वाचनालयांना एकत्र बांधलं, 1965 मध्ये दिग्दर्शक अदूर गोपालकृष्णन आणि मित्रांनी ‘चित्रलेखा’ ही चांगले सिनेमे दाखवणारी फिल्म सोसायटी काढली. त्याच वर्षी आलेला ‘चेम्मीन’ हा सिनेमा मल्याळम लेखक तकळी शिवशंकर पिळ्ळै यांच्या कादंबरीवर बेतलेला. बायको एकनिष्ठ राहिली तरच समुद्रात गेलेला नवरा सुखरूप परततो, ही कोळ्यांची समजूत त्या कथेचा कणाच आहे.

उलट दिशेनं, म्हणजे सिनेमा समाजाला कसा हलवतो हे बघायचं तर 2021 चा ‘द ग्रेट इंडियन किचन’ जरूर बघा. वाटण, भांडी, गळणारं सिंक, आणि पुरुषांनी चघळून टेबलावरच टाकलेल्या शेवग्याच्या शेंगा! बहुतेक सिनेमा या एवढ्यावरच उभा आहे, आणि मला तो फार धाडसी वाटतो. शबरीमला मंदिरात पाळीच्या वयातल्या बायकांना प्रवेश द्यावा की नाही, या वादाची पार्श्वभूमीही त्यात आहे. तो आल्यावर घरातल्या कामाच्या वाटणीवर उघड चर्चा झाली, केरळबाहेरसुद्धा.

पण केरळ पुरोगामी, म्हणून सिनेमाही पुरोगामी, असं सरळ गणित मांडू नका. पहिल्या मल्याळम मूकपटात पी. के. रोझी या दलित अभिनेत्रीनं नायर या वरच्या मानलेल्या जातीतल्या स्त्रीची भूमिका केली, म्हणून तिला हुसकावून लावलं गेलं. सिनेसृष्टीतल्या बायकांनी 2017 मध्ये स्वतःची संघटना उभी केली, त्यांच्या रेट्यामुळे तिथल्या बायकांच्या अडचणी तपासणारी हेमा समिती नेमली गेली. तिचा अहवाल मात्र लोकांसमोर यायला ऑगस्ट 2024 उजाडावा लागला.